मार्शलला जाणारा माल: श्रीव्हपोर्ट दर खटला, १९१४

टेक्सासच्या पूर्व टोकाला मार्शल नावाचं गाव आहे. साधारण १९११ च्या सुमारास तिथल्या दुकानदाराला विक्रीसाठी घोडागाड्या मागवायच्या असतील तर त्याच्यासमोर दोन बाजारपेठा होत्या. पूर्वेला राज्याची हद्द ओलांडली की लुइझियानातलं श्रीव्हपोर्ट, रेल्वेने ४२ मैल. पश्चिमेला टेक्सासमधलंच डॅलस, १४७.७ मैल. आपल्या हिशेबात सांगायचं तर पहिलं अंतर पुणे–लोणावळ्याहून किंचित जास्त, आणि दुसरं म्हणजे मुंबईहून नाशिकरोड गाठून आणखी पन्नास किलोमीटर पुढे. दोन्हीकडून माल आणणारी रेल्वे एकच, टेक्सास अँड पॅसिफिक. डॅलसहून घोडागाड्यांचं भाडं होतं शंभर पौंडामागे ३६.८ सेंट, आणि श्रीव्हपोर्टहून ५६ सेंट.

म्हणजे साडेतीनपट जवळच्या गावाहून माल आणायचा तर दीडपट भाडं.

मालभाड्याशी ज्यांचा रोजचा संबंध आहे ते लगेच म्हणतील की दर मैलाच्या सरळ प्रमाणात वाढत नसतो. बरोबर आहे. माल चढवणं-उतरवणं, डबा जोडणं, कागदपत्रं हा खर्च अंतर कितीही असलं तरी तोच. म्हणून लांबचा माल दर मैलामागे स्वस्त पडतो. पण लांबचा माल एकूण रकमेतच स्वस्त पडावा, तेही रुळ, कंपनी आणि मुक्कामाचं ठिकाण एकच असताना, याचा उलगडा खर्चाच्या वहीत होत नाही. त्यासाठी नकाशावरची राज्याची रेघ बघावी लागते.

त्या रेघेवरून झालेला खटला अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात गेला आणि ८ जून १९१४ रोजी निकाल लागला. कागदोपत्री नाव ‘ह्यूस्टन, ईस्ट अँड वेस्ट टेक्सास रेल्वे कंपनी विरुद्ध युनायटेड स्टेट्स’. वकिलांच्या तोंडी श्रीव्हपोर्ट दर खटला. केंद्र सरकारच्या एका आयोगाला राज्याच्या आतल्या रेल्वेभाड्याला हात घालता येतो का, एवढाच प्रश्न होता.

दोन आयोग आणि एक माणूस

श्रीव्हपोर्ट हे रेड नदीवरचं गाव. १८३० च्या दशकात कॅप्टन हेन्री श्रीव्हने नदीत अडकलेला लाकडांचा प्रचंड खच फोडून बोटींना वाट करून दिली, त्याचंच नाव गावाला मिळालं. टेक्सासची हद्द इथून फार लांब नाही. साहजिकच गावातल्या घाऊक व्यापाऱ्यांचं गिऱ्हाईक पूर्व टेक्सासमधल्या खेड्यापाड्यांत होतं. त्याच गिऱ्हाइकावर डॅलस आणि ह्यूस्टनच्या व्यापाऱ्यांचाही डोळा होता. श्रीव्हपोर्टहून डॅलस १८९ मैल, ह्यूस्टन २३१ मैल. मधला सगळा पट्टा म्हणजे रस्सीखेचीचं मैदान.

टेक्सासच्या आतल्या आत धावणाऱ्या मालाचं भाडं ठरवायचा टेक्सासचा रेल्वे आयोग. तो १८९१ मध्ये गव्हर्नर जेम्स हॉग यांच्या काळात स्थापन झाला. आपल्या राज्याची शहरं, आपले व्यापारी, आपला धंदा राखायचा, हे त्याचं धोरण काही लपलेलं नव्हतं. डॅलसहून किंवा ह्यूस्टनहून पूर्वेकडे जाणाऱ्या मालाचे दर त्याने खाली ठेवले. श्रीव्हपोर्टहून येणाऱ्या मालावर त्याचा अधिकार चालत नव्हता, कारण तो माल हद्द ओलांडून येणारा. तिथे कंपन्या स्वतःचे चढे दर लावत. राज्याला आयातकर लावायची घटनेने बंदी आहे. पण रेल्वेच्या दरपत्रकातून तसाच परिणाम साधला जात होता आणि त्याला कोणी कर म्हणत नव्हतं.

हद्द ओलांडणाऱ्या वाहतुकीसाठी वॉशिंग्टनमध्ये आंतरराज्य वाणिज्य आयोग होता. १८८७ च्या कायद्याने तो जन्माला आला, आणि हा कायदा घडवण्यात ज्यांचा मोठा वाटा होता ते होते टेक्सासचे जॉन रेगन. (राष्ट्राध्यक्ष रेगन यांच्याशी काही नातं नाही.) पुढे याच रेगनसाहेबांनी सिनेटची जागा सोडली आणि ते टेक्सासच्या नव्या रेल्वे आयोगाचे पहिले अध्यक्ष झाले. म्हणजे जे दोन आयोग या खटल्यात एकमेकांना भिडले, त्या दोघांच्याही पाळण्याची दोरी एकाच माणसाच्या हाताला लागलेली होती. रेगन १९०५ मध्ये वारले, ही भांडणं बघायला ते राहिले नाहीत.

केंद्राचा आयोग सुरुवातीला तसा दुबळाच होता. १८९७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगून टाकलं की एखादा दर अवाजवी आहे असं आयोग म्हणू शकतो, पण पुढचा दर किती असावा हे ठरवायचा अधिकार काँग्रेसने, म्हणजे अमेरिकेच्या संसदेने, त्याला दिलेला नाही. १९०६ च्या हेपबर्न कायद्याने कमाल दर ठरवायचा अधिकार त्याला मिळाला, १९१० मध्ये त्यात आणखी भर पडली. श्रीव्हपोर्टची तक्रार आली ती या ताज्या बळावर.

तक्रार

तक्रार कोणी केली हे बघण्यासारखं आहे. एखाद्या व्यापाऱ्याने नाही, तर लुइझियाना राज्याच्या रेल्वे आयोगाने, मार्च १९११ मध्ये. आणि त्याने टेक्सासच्या आयोगाला प्रतिवादी केलं नाही. धरलं रेल्वे कंपन्यांना. सासूशी थेट भांडता येत नसेल तर नवऱ्याला जाब विचारावा, तसा हा प्रकार.

पुरावा म्हणून आलेले आकडे नमुन्यादाखल होते, पण बोलके होते. ह्यूस्टनहून लफकिनला ११८.२ मैल, पहिल्या वर्गाच्या मालाला शंभर पौंडामागे ५० सेंट. श्रीव्हपोर्टहून लफकिनला ११२.५ मैल, म्हणजे सहा मैल कमीच. भाडं ६९ सेंट. डॅलसहून लाँगव्ह्यूला फर्निचर न्यायचं तर १२४ मैलांना २४.८ सेंट, श्रीव्हपोर्टहून ६५.७ मैलांना ३५ सेंट. डॅलसहून ६० सेंटांत पहिल्या वर्गाचा माल १६० मैल पूर्वेला जायचा. तेवढ्याच ६० सेंटांत श्रीव्हपोर्टहून तो टेक्सासमध्ये ५५ मैल जायचा.

लफकिनचा हिशेब जरा दुकानाच्या गल्ल्यावर मांडून बघू. पहिला वर्ग म्हणजे कापड, बूट असा किमती माल. समजा हंगामाच्या तोंडावर दुकानदाराने पाच हजार पौंड माल मागवला. ह्यूस्टनहून भाडं २५ डॉलर, श्रीव्हपोर्टहून साडेचौतीस. साडेनऊ डॉलरचा फरक. श्रीव्हपोर्टच्या व्यापाऱ्याने हा फरक स्वतःच्या नफ्यातून सोसायचा, नाहीतर गिऱ्हाईक सोडायचं. लफकिनचा दुकानदार कुठे पत्र टाकेल हे सांगायला ज्योतिषी नको.

लफकिनला जाणाऱ्या या रेल्वेची एक गंमत सांगायला हवी. ह्यूस्टन, ईस्ट अँड वेस्ट टेक्सास ही पॉल ब्रेमंड नावाच्या ह्यूस्टनच्या गृहस्थाने पाइनच्या जंगलांतून घातलेली लाइन, सुरुवातीला नॅरोगेज. लफकिन गावच मुळी या लाइनचं एक स्टेशन म्हणून १८८२ मध्ये वसलं. नावाची इंग्रजी आद्याक्षरं घेऊन लोकांनी तिचं नवं नाव पाडलं होतं: ‘कुठूनही बसा, नरकच’. घटनात्मक कायद्याच्या इतिहासात या लाइनचं नाव कायमचं कोरलं जाईल असं तिच्या हाडं खिळखिळी झालेल्या प्रवाशांना वाटलं नसेल.

११ मार्च १९१२ रोजी आंतरराज्य आयोगाने निर्णय दिला. त्याचे दोन भाग होते आणि ते वेगळे ठेवले नाहीत तर पुढचा सगळा वाद डोक्यावरून जातो. पहिला भाग: श्रीव्हपोर्टहून टेक्सासला जाणाऱ्या मालाचे वर्गवार दर मुळातच अवाजवी आहेत, म्हणून त्यांची कमाल मर्यादा ठरवली. ही मर्यादा टेक्सासच्या आयोगाने तेवढ्याच अंतराला ठरवलेल्या दरांच्या जवळपास होती. यावर कोणाचं फारसं भांडण नव्हतं. आंतरराज्य दर हे आयोगाचं अंगणच. दुसरा भाग: कोणत्याही मालाला श्रीव्हपोर्टहून डॅलस-ह्यूस्टनकडे जो दर लावाल तो, तेवढ्याच अंतरासाठी डॅलस-ह्यूस्टनहून श्रीव्हपोर्टकडे येणाऱ्या मालाच्या दरापेक्षा जास्त असता कामा नये.

ठिणगी पडली ती या दुसऱ्या भागाने. दोन दर सारखे करायचे दोनच मार्ग: जास्तीचा उतरवा, किंवा कमीचा चढवा. कमीचा दर टेक्सासने ठरवलेला. तो चढवला तर राज्याचा हुकूम मोडतो. जास्तीचा उतरवायचा म्हटलं तर ज्या आंतरराज्य दराला आयोगानेच वाजवी मानलंय त्याच्याही खाली जावं लागेल. कंपन्या म्हणाल्या, आम्ही दोन मालकांच्या मध्ये सापडलोय, आणि केंद्राच्या आयोगाला असा हुकूम काढायचा अधिकारच नाही.

दाद मागायची ती वाणिज्य न्यायालयात. आयोगाच्या हुकुमांविरुद्धची प्रकरणं चालवायला १९१० मध्ये खास उभं केलेलं हे न्यायालय अल्पायुषी ठरलं. त्याच्या एका न्यायाधीशाला, रॉबर्ट आर्चबाल्डला, रेल्वे आणि कोळसा कंपन्यांशी केलेल्या व्यवहारांवरून सिनेटने जानेवारी १९१३ मध्ये महाभियोगात दोषी ठरवून घरी पाठवलं, आणि वर्षअखेर काँग्रेसने न्यायालयच गुंडाळलं. तोवर त्याने श्रीव्हपोर्ट प्रकरणात आयोगाच्या बाजूने कौल दिला होता. ऑक्टोबर १९१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयात युक्तिवाद झाले.

ह्यूज यांचं निकालपत्र

निकालपत्र लिहिलं न्यायमूर्ती चार्ल्स इव्हान्स ह्यूज यांनी. हा माणूस दरांच्या बाबतीत नवखा नव्हता. न्यूयॉर्कचे गव्हर्नर असताना १९०७ मध्ये त्यांनी सार्वजनिक सेवांच्या नियमनासाठी आयोग स्थापन करायला लावले होते. त्याच वर्षी मैलाला दोन सेंट प्रवासभाडं ठरवणारं लोकप्रिय विधेयक त्यांनी नाकारलं, कारण चौकशी न करता विधिमंडळाने आकडा ठोकून दिला होता. दर कोणी ठरवावा यापेक्षा तो तपासून ठरवला का, याकडे त्यांचं जास्त लक्ष असे.

कंपन्यांचे मुद्दे दोन. एक, राज्यांतर्गत भाड्यावर काँग्रेसचा अधिकारच नाही. दोन, असला तरी तिने तो वापरलेला नाही. कारण १८८७ च्या कायद्याच्या पहिल्याच कलमात लिहिलंय की पूर्णपणे एका राज्यात होणाऱ्या वाहतुकीला हा कायदा लागू नाही.

पहिल्या मुद्द्यावर ह्यूज मुळाशी गेले. आंतरराज्य व्यापाराची सूत्रं काँग्रेसकडे दिलीच मुळी राज्याराज्यांच्या चढाओढीने व्यापाराचा गळा घोटला जाऊ नये म्हणून. त्याच रुळावर, त्याच इंजिनामागे राज्यातला माल आणि राज्याबाहेरचा माल एकत्र धावतो. तेव्हा राज्यांतर्गत व्यवहाराचा आंतरराज्य व्यवहाराशी इतका निकटचा आणि भरीव संबंध असेल की एकावर अंकुश ठेवायचा तर दुसऱ्याला हात लावावाच लागतो, तिथे शेवटचा आणि वरचढ नियम काँग्रेसचा, राज्याचा नव्हे. नाहीतर राष्ट्राच्या क्षेत्रात राष्ट्राऐवजी राज्यच सर्वोच्च ठरेल. ‘निकटचा आणि भरीव संबंध’ हे शब्द लक्षात ठेवावेत. ते पुढे फार लांबवर जाणार आहेत.

दुसऱ्या मुद्द्याचं उत्तर त्याहून बारीक आहे, आणि माझ्या मते निकालाचा खरा गाभा तिथेच आहे. पहिल्या कलमातला अपवाद ह्यूज यांनी नाकारला नाही. राज्यांतर्गत दर स्वतःपुरते वाजवी आहेत का हे ठरवायचं काम काँग्रेसने आयोगाला दिलेलं नाही, हे त्यांनी मान्य केलं. पण तिसरं कलम एखाद्या गावाला अवाजवी झुकतं माप द्यायला बंदी करतं. पक्षपात एका दरात नसतो, तो दोन दरांच्या नात्यात असतो. लफकिनचे ५० सेंट हा टेक्सासचा विषय. लफकिनचेच ६९ सेंट हा केंद्राचा विषय. मग ५० आणि ६९ मधला फरक कोणाचा? टेक्सासचा असूच शकत नाही, कारण टेक्सासने तो ठरवायचा म्हटलं की तो आंतरराज्य दराला हात घालतो. दोन्हीपैकी एका टोकावर ज्याचा अजिबात हक्क नाही, त्याचा त्या दोन टोकांमधल्या अंतरावर हक्क कसा? उरलं केंद्र. दरांमधलं नातं, नातं म्हणून, फक्त काँग्रेसच्या कक्षेत येतं.

हे वाचताना मला दर वेळी गणिताच्या मास्तरांची आठवण होते. अपूर्णांकाचा अंश एकाच्या वहीत, छेद दुसऱ्याच्या वहीत. अपूर्णांक कोणाच्या वहीत लिहायचा?

कंपन्यांनी आणखी एक सबब पुढे केली होती: पक्षपात आम्ही आपखुशीने केलेला नाही, राज्याने करायला लावला. ह्यूज यांना ती पटली नाही. पक्षपाताचा मार खाणाऱ्या श्रीव्हपोर्टला तो कोणाच्या हुकुमाने झाला याने काय फरक पडतो? आणि काँग्रेसला तो दूर करता येत असेल तर राज्याचा हुकूम ढाल म्हणून चालणार नाही. म्हणजे वाजवी ठरलेल्या आंतरराज्य दराच्या पातळीपर्यंत टेक्सासमधला दर चढवायला कंपन्या मोकळ्या.

निकाल सात विरुद्ध दोन असा लागला. लर्टन आणि पिटनी हे न्यायमूर्ती विरोधात गेले, पण कारणं त्यांनी लिहिली नाहीत. लर्टन तर पुढच्याच महिन्यात वारले. त्यामुळे विरुद्ध बाजू कशी मांडली गेली असती याचा अंदाजच बांधावा लागतो.

याला जोडून आदल्या वर्षीचा मिनेसोटा दर खटला वाचायलाच हवा. ९ जून १९१३ चा निकाल, म्हणजे बरोबर एक दिवस कमी एक वर्ष आधीचा, आणि तोही ह्यूज यांनीच लिहिलेला. तिथे मिनेसोटाने आपल्या हद्दीतले दर उतरवले होते, आणि त्यामुळे नदीपलीकडच्या दुसऱ्या राज्यातल्या गावांचे दर कंपन्यांना नाइलाजाने उतरवावे लागत होते. मूरहेडचा दर उतरला की समोरच्या काठावरच्या फार्गोचाही उतरवायचा. त्या नदीचंही नाव रेड नदीच, पण ही उत्तरेची. परिणाम हद्दीपलीकडे जात होता हे न्यायालयाला दिसत होतं, तरी राज्याचे दर टिकले. का? केंद्राच्या आयोगाने चौकशी करून ‘इथे पक्षपात आहे’ असा निष्कर्ष काढलेलाच नव्हता. श्रीव्हपोर्टमध्ये काढला होता. दोन्ही निकाल शेजारी ठेवले की दिसतं, न्यायालयाने राज्यांकडून अधिकार काढून स्वतःकडे घेतला नाही. तो आयोगाच्या चौकशीला जोडला. आयोग बोलेपर्यंत राज्याचा दर चालू.

जे न्यायालयात नव्हते

इथे माझी एक तक्रार आहे. लुइझियानाचा आयोग आला, कंपन्या आल्या, केंद्र सरकार आलं. मार्शलचा आणि लफकिनचा दुकानदार कुठेच नाही. त्याच्या दृष्टीने टेक्सासचा दर स्वस्त होता, ही काही वाईट गोष्ट नव्हती. समानता आणायची तर श्रीव्हपोर्टचे ५६ सेंट खाली आणता येतात, तसंच डॅलसचे ३६.८ सेंट वरही नेता येतात, आणि निकालाने दोन्ही वाटा मोकळ्या ठेवल्या. कंपनीच्या जागी स्वतःला ठेवून बघा, कोणती वाट जवळची वाटेल? हुकुमाविरुद्ध जिवाच्या आकांताने लढलेल्या कंपन्यांना हरूनही हातात काहीतरी मिळालं होतं: राज्याने बांधलेला दर सोडवून घ्यायचं कायदेशीर कारण.

ही भीती कल्पनेतली नाही. १९२० च्या वाहतूक कायद्यात काँग्रेसने श्रीव्हपोर्टचं तत्त्व लिहून काढलं आणि आणखी रुंद केलं: गावागावांतलाच नव्हे, एकूण आंतरराज्य व्यापाराविरुद्धचा पक्षपातही आयोगाला दूर करता येईल. विस्कॉन्सिनच्या कायद्यात प्रवासभाडं मैलाला दोन सेंट होतं. आयोगाने ते ३.६ सेंट करायला लावलं, राज्यभर, कारण दोन सेंटांत चालणारी गाडी देशाच्या रेल्वेव्यवस्थेच्या खर्चाचा आपला वाटा उचलत नाही. १९२२ मध्ये सरन्यायाधीश टाफ्ट यांच्या न्यायालयाने ते उचलून धरलं. डॅलस आणि श्रीव्हपोर्ट यांच्यातला वाद आठ वर्षांत एका सबंध राज्याच्या तिकिटापर्यंत पोचला होता.

आपल्याकडे हा पेच या रूपात येऊ शकत नाही. संविधानाच्या सातव्या अनुसूचीत रेल्वे संघसूचीत आहे, नोंद २२. महाराष्ट्राला पुणे–सोलापूर मालभाडं ठरवायचा अधिकारच नाही. पण जवळचा माल महाग आणि लांबचा स्वस्त, ही तक्रार आपल्याला नवी नाही. बंदराकडे जाणाऱ्या मालाला सवलतीचं भाडं आणि देशातल्या देशात फिरणाऱ्या मालाला चढं, याबद्दल भारतीय औद्योगिक आयोगापुढे १९१६ ते १९१८ दरम्यान बरंच बोललं गेलं. तिथे रेघ राज्याची नव्हती, साम्राज्याच्या गरजेची होती.

ह्यूज १९१६ मध्ये न्यायालय सोडून राष्ट्राध्यक्षपदासाठी उभे राहिले, विल्सन यांच्याकडून थोडक्यात हरले, आणि १९३० मध्ये सरन्यायाधीश म्हणून परतले. १९३७ मध्ये पोलाद कारखान्यातल्या कामगार संघटनांचं प्रकरण त्यांच्यासमोर आलं. कारखाना एका राज्यात, पण त्याचा आंतरराज्य व्यापाराशी निकटचा आणि भरीव संबंध आहे, असं म्हणून पाच विरुद्ध चार मतांनी त्यांनी केंद्राचा कामगार कायदा टिकवला. घोडागाड्यांच्या भाड्यासाठी घडवलेला शब्दप्रयोग तेवीस वर्षांनी भट्ट्यांपर्यंत गेला.

जिंकलेला आंतरराज्य वाणिज्य आयोग १९९५ च्या अखेरीस बंद झाला; उरलेलं काम दुसऱ्या एका मंडळाकडे गेलं. टेक्सासचा रेल्वे आयोग अजून आहे, त्याच नावाने. तेल आणि वायूच्या विहिरींवर त्याची नजर असते. रेल्वेचं उरलंसुरलं काम त्याच्याकडून २००५ मध्ये काढून घेण्यात आलं.